काळाच्या कुंपणावरचा हिशेब

काळाशी खेळणाऱ्या काल्पनिक यंत्रांची दोन कुळे मानता येतात, आणि त्यांपैकी एकाच कुळाच्या वाट्याला आजवर कीर्ती आली आहे. पहिल्या कुळातले यंत्र माणसाला भूतकाळात किंवा भविष्यकाळात नेऊन सोडते, एच. जी. वेल्स यांच्या १८९५ मधील 'द टाइम मशीन' या कादंबरीपासून त्याची वंशावळ सर्वांच्या परिचयाची आहे. दुसऱ्या कुळातले यंत्र कोणाला कोठेच नेत नाही. ते एखाद्या खोलीपुरता, इमारतीपुरता किंवा देहापुरता काळाचा वेग बदलते, म्हणजे कुंपणाच्या आत एक दिवस सरेपर्यंत बाहेर दहा दिवस उलटतात किंवा याच्या नेमके उलट घडते. वेल्स यांनीच १९०१ मध्ये 'द न्यू ॲक्सिलरेटर' या कथेत ही कल्पना हाताळली. यंत्राच्या जागी तेथे एक रसायन आहे. ते घेतलेल्या दोघांना भोवतालचे जग जवळजवळ गोठलेले दिसते, आणि त्या वेगाने हिंडताना हवेच्या घर्षणाने त्यांचे कपडे करपू लागतात. कथेतील बाकीची गंमत विसरली तरी चालेल, पण करपलेल्या कपड्यांचा तपशील विसरू नये, कारण आतला काळ आणि बाहेरचा काळ एकमेकांना घासतात ती जागा वेल्स यांना तेथे अचूक सापडली आहे. या प्रकारच्या यंत्राची कथा आत काय घडते याभोवती रचली जाते, तिचा निकाल मात्र कुंपणावर लागतो. उष्णता, पाणी, मजुरी, व्याज आणि वय कोणत्या घड्याळाने मोजायचे हे ज्याच्या हाती असते तोच अशा यंत्राचा खरा धनी, मग यंत्र कोणी का बनवलेले असेना.

भारतीय परंपरेला ही कल्पना नवी नाही. राजा ककुद्मी रैवत आपल्या मुलीसाठी, रेवतीसाठी, वर विचारायला ब्रह्मलोकी गेला, तेथे चाललेले गायन संपेपर्यंत थांबला आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून गेली, ही भागवतातील कथा म्हणजे मंद काळाच्या प्रदेशाची कथाच होय. तिचे वैज्ञानिक अर्थ काढण्याचा उत्साह अनेकांना असतो. तो बाजूला ठेवून पाहिले तर तिच्यातली हिशेबाची बाजू अधिक लक्षणीय ठरते. राजा परततो तेव्हा त्याचे नातलग, त्याची नगरी, त्याने मनात धरलेली स्थळे यांपैकी काहीच उरलेले नसते, आणि विष्णुपुराणात तर बलरामाला उंच रेवती आपल्या नांगराच्या टोकाने नव्या युगाच्या मापाची करून घ्यावी लागते. जुळवून घेण्याचा भार आतून बाहेर आलेल्यावर पडतो, आणि त्यातही राजावर न पडता मुलीवर पडतो.

मराठीत या विषयाला शास्त्रीय बैठक दिली ती जयंत नारळीकरांनी. मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ च्या कथास्पर्धेत नारायण विनायक जगताप या टोपणनावाने त्यांनी पाठवलेली 'कृष्णविवर' ही कथा पहिली आली. प्रचंड वस्तुमानाजवळ काळ मंदावतो हा सापेक्षतावादाचा निष्कर्ष त्या कथेचा कणा आहे. नारळीकरांनी काळाचा वेग बदलण्यासाठी कोणतेही जादूचे खोके पृथ्वीवर आणले नाही. काळ खरोखर मंद होतो अशी निसर्गातली जागा त्यांनी निवडली. वैज्ञानिकाला शोभणारा हा संयम होता, परंतु त्यामुळे मराठी कथेतला मंद काळ दूर अंतराळात राहिला आणि घरगल्लीत, कारखान्यात, बाजारात त्याचे काय झाले असते हा प्रश्न बराचसा तसाच पडून राहिला.

हा प्रश्न हाती घेण्यापूर्वी भौतिकशास्त्राचे म्हणणे नीट समजून घेतले पाहिजे. काळाचा वेग जागोजागी वेगळा असतो ही मुळी कल्पना नाही, मोजलेली गोष्ट आहे. आइनस्टाइन यांच्या १९१५ च्या सामान्य सापेक्षतावादानुसार, म्हणजे गुरुत्वाकर्षणाला अवकाश आणि काळ यांच्या घडणीचा परिणाम मानणाऱ्या सिद्धान्तानुसार, वस्तुमानाच्या जितके जवळ जावे तितके घड्याळ सावकाश चालते. २०१० मध्ये अमेरिकेतील बोल्डर येथे दोन आण्विक घड्याळांच्या उंचीत केवळ ३३ सेंटिमीटरचा फरक ठेवून हा परिणाम मोजण्यात आला. या हिशेबाने मिरा रोडला जमिनीपासून शंभर मीटर उंचीवर राहणाऱ्या रहिवाशाचे घड्याळ तळमजल्यावरच्या शेजाऱ्याच्या घड्याळाच्या वर्षाकाठी सुमारे एक तृतीयांश मायक्रोसेकंद, म्हणजे सेकंदाच्या दशलक्षाव्या भागाचा तिसरा हिस्सा, पुढे जाते. वरच्या मजल्याला जास्त भाव मोजणाऱ्यांना एवढी गोष्ट मात्र विकासक सांगत नाहीत: तेथे म्हातारपण किंचित लवकर येते. दिशादर्शक उपग्रहांच्या बाबतीत हा फरक थट्टेवारी नेण्याजोगा राहत नाही. जीपीएस उपग्रहांवरची घड्याळे उंचीमुळे दिवसाला सुमारे ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि गतीमुळे सुमारे ७ मायक्रोसेकंद मागे पडतात; उरलेल्या ३८ मायक्रोसेकंदांचा हिशेब ठेवला नाही तर रोज अकरा किलोमीटरच्या आसपास चूक साचत जाईल.

यातून एक विलक्षण निष्कर्ष निघतो. काळाच्या वेगातला स्थानिक फरक आणि गुरुत्वाकर्षण या दोन वेगळ्या गोष्टी नाहीत. वस्तू खाली पडते तेव्हा ती मंद काळाच्या दिशेने जात असते, आणि पृथ्वीच्या पृष्ठभागाजवळ आपल्याला जाणवणारे सगळे वजन उंचीच्या प्रत्येक मीटरमागे काळाच्या वेगात पडणाऱ्या, एकावर सोळा शून्ये इतक्या भागांतील सुमारे एका भागाच्या फरकाशी जोडलेले आहे. आता ज्याच्या आत काळ दहापट वेगाने वाहतो असे यंत्र घेतले आणि त्याची भिंत एक मीटर जाडीची धरली, तर त्या भिंतीत निर्माण होणारी ओढ पृथ्वीच्या गुरुत्वाकर्षणाच्या दोनावर सोळा शून्ये इतकी पट भरते. या भिंतीतून जाणारा माणूस, चहाचा पेला किंवा विटेचा तुकडा, यांपैकी काहीही आपल्या आकारात राहणार नाही.

ही ओढ लेखकाने कथेच्या सोयीसाठी रद्द केली, तरी उष्णता रद्द होत नाही. आत काळ दहापट जलद असेल तर आतून निघणाऱ्या प्रत्येक लहरीची कंपने बाहेरच्याला दहापट जलद दिसतील. त्यामुळे आत ज्या खोलीचे तापमान साधे ३०० केल्विन, म्हणजे सुमारे २७ अंश सेल्सियस आहे, ती बाहेरून ३००० केल्विनची, पेटलेल्या दिव्याच्या तारेइतकी तप्त भासेल आणि तिच्या प्रत्येक चौरस मीटरमधून नेहमीच्या दहा हजारपट ऊर्जा बाहेर फेकली जाईल. आतल्या लोकांना काहीच जाणवणार नाही. ते पंख्याखाली बसून अभ्यास करतील आणि समोरची इमारत जळून जाईल. याउलट मंद काळाच्या खोलीत बसलेल्याला बाहेरचे साधे ऊनसावलीचे जग भट्टीसारखे भाजून काढील. कथांमधून या यंत्राला सहसा निरुपद्रवी उपकरणाचे रूप दिले जाते, ते बाहेरच्यांचा विचार न करता लिहिल्यामुळे.

येथवरचा युक्तिवाद यंत्राला अशक्य ठरवणारा आहे, आणि त्यावर थांबणे सोपे आहे. पण विज्ञानकथेत अशक्याची एक सूट मागण्याचा हक्क लेखकाला असतो, आणि ती सूट दिल्यावर उरलेला हिशेब तो प्रामाणिकपणे मांडतो की नाही यावर त्याची परीक्षा होते. म्हणून ओढ आणि उष्णता दोन्ही माफ करून हे यंत्र मिरा-भाईंदरमध्ये बसवून पाहावे. या शहराची निवड हौसेची नाही. उत्तरेला वसईची खाडी, पश्चिमेला अरबी समुद्र, पूर्वेला संजय गांधी राष्ट्रीय उद्यानाचे डोंगर आणि दक्षिणेला दहिसर अशा कोंदणात वसलेले, १९८५ मध्ये नगरपरिषद आणि २८ फेब्रुवारी २००२ रोजी महानगरपालिका झालेले, २०११ च्या जनगणनेत आठ लाखांवर लोकसंख्या नोंदवलेले हे शहर आपल्या जगण्याच्या दोन मोठ्या गोष्टींसाठी हद्दीबाहेर अवलंबून आहे. पाणी बाहेरून येते, आणि काम करणाऱ्यांचा मोठा भाग रोज सकाळी बाहेर जातो.

एखाद्या गृहसंकुलाने दहापट जलद काळाची इमारत उभी केली, तर महापालिकेचे पाणी, ते दिवसाआड येत असल्यास, आतल्या घड्याळाने वीस दिवसांनी येईल. सेकंदाला पन्नास आवर्तनांनी येणारी वीज आत पाच आवर्तनांची होईल आणि एकही मोटर धड चालणार नाही. सूर्योदयापासून सूर्यास्तापर्यंतचा काळ पाच दिवसांचा भरेल, दूधवाला दहा दिवसांनी उगवेल, आणि जिन्यात साचलेला कचरा उचलायला येणारी गाडी सवडीने, म्हणजे बाहेरच्या सवडीने, येईल. 'जास्त वेळ मिळाला' असे ज्याचे वर्णन होते ती परिस्थिती आतून पाहता सगळ्याच पुरवठ्यांच्या दुष्काळाची असेल. वेळ ही स्वतंत्र वस्तू असून ती अधिक मिळाली की माणूस अधिक श्रीमंत होतो, हा समज येथेच ढासळतो.

मग अशा इमारतीत राहील कोण? उत्साही वाचकाला वाटते की श्रीमंत माणूस जलद काळ विकत घेईल आणि इतरांच्या एका दिवसात दहा दिवसांचे आयुष्य उपभोगील. व्याजाचा विचार केला तर चित्र उलटे होते. सात टक्क्यांच्या चक्रवाढीने ठेव सुमारे दहा वर्षांत दुप्पट होते. ठेवीदार दहापट मंद काळाच्या खोलीत जाऊन बसला तर त्याच्या स्वतःच्या आयुष्याचे एकच वर्ष खर्ची पडून रक्कम दुप्पट झालेली असेल. ज्याच्याकडे भांडवल आहे त्याला मंद काळ हवा असेल. जलद काळाच्या खोलीत जाईल तो मजूर, शिंपी, संगणकाच्या आज्ञावली लिहिणारा नोकरदार, कारण मालकाला दहा दिवसांचे काम बाहेरच्या एका दिवसात हवे असेल, आणि तीन-चार वर्षे नोकरी केल्यावर तो कामगार तीस-चाळीस वर्षांनी थकलेला बाहेर येईल. त्याची निवृत्ती कोणत्या घड्याळाने? भविष्यनिर्वाह निधीवरचे व्याज बँकेच्या घड्याळाने की त्याच्या सांध्यांच्या घड्याळाने? महाराष्ट्रात आणखी एक गिऱ्हाईक हमखास मिळेल. लोकसेवा आयोगाची वयोमर्यादा जन्मतारखेवरून मोजली जाते, म्हणून परीक्षार्थी मुलाला वर्षभर जलद काळाच्या अभ्यासिकेत ठेवून दहा वर्षांची तयारी करून घेणारे वर्ग निघतील, आणि कागदावर तेवीस वर्षांचा असलेला तो उमेदवार मुलाखतीला जाताना केस काळे करून जाईल.

हे सर्व कल्पनेतले झाले. घड्याळाला हात न लावता एखाद्या प्रक्रियेचा स्थानिक वेग बदलणारे यंत्र मात्र या शहराच्या पश्चिम टोकाला, उत्तन आणि चौक परिसरातील कोळीवाड्यांत, पूर्वीपासून वापरात आहे. ते म्हणजे बर्फ. मासा मेल्यावर त्याच्यातील जिवाणूंची वाढ तापमानावर अवलंबून असते. मत्स्यव्यवसायातील ढोबळ नियम असा की शून्य अंशाच्या तुलनेत दहा अंशांना सडण्याचा वेग सुमारे चौपट होतो. बर्फात ठेवलेल्या माशापुरता काळ खरोखर मंदावतो, आणि त्याचा कुंपणावरचा हिशेबही चोख असतो, कारण बर्फ करणाऱ्या यंत्राने आतून काढलेली उष्णता, वर स्वतःची भर घालून, बाहेर फेकलेली असते. समुद्राचे घड्याळ वेगळे चालते. तिथीच्या आकड्याची पाऊणपट केली की भरतीच्या माथ्याची वेळ ढोबळमानाने मिळते, चतुर्थीला तीन आणि अष्टमीला सहा. म्हणजे भरती रोज पाऊण तासाच्या आसपास पुढे सरकते आणि होडी किनाऱ्याला लागण्याची वेळही तिच्यासोबत सरकते, तर मुंबईचा घाऊक बाजार भारतीय प्रमाणवेळेने उघडतो. या दोन काळांमधली फट बर्फाने बुजवली जाते. बर्फ नसेल तर मासा आलेल्या घटकेला, येईल त्या गिऱ्हाइकाला, तो म्हणेल त्या भावाने द्यावा लागतो. बर्फ असेल तर थांबता येते, आणि थांबू शकणाराच भाव ठरवतो. शीतगृह कोणाच्या मालकीचे, बर्फ रोखीने की उधारीने, उधारी फेडायची ती मासळीच्या रूपात की पैशात, या प्रश्नांची उत्तरे पकडलेल्या माशाच्या वजनाइतकीच महत्त्वाची ठरतात. उत्तनला दोऱ्यांवर बोंबील वाळवण्याची पद्धत आणि भाईंदरची मिठागरे हीसुद्धा याच यंत्राची जुनी आणि स्वस्त रूपे होती. पाणी काढून घेतले किंवा मीठ भरले की माशाचा काळ महिनोन्महिने थोपवता येत असे, तेही ऊन, वारा आणि भरतीचे पाणी यांच्या बळावर.

घड्याळालाच हात घालण्याचा प्रयोगही याच प्रदेशाने पाहिलेला आहे, आणि तेव्हा कुंपणावर काय घडले याची नोंद इतिहासात आहे. मुंबईचा स्थानिक काळ, म्हणजे सूर्य माथ्यावर येण्यावरून ठरणारा काळ, ग्रिनिचच्या ४ तास ५१ मिनिटे पुढे होता. पुढे ज्यांच्या नावाने पुण्यात महाविद्यालय निघाले त्या गव्हर्नर जेम्स फर्ग्युसन यांनी १८८१ मध्ये मुंबईवर मद्रासची वेळ लादण्याचा प्रयत्न केला, आणि लोकांच्या विरोधामुळे १८८३ मध्ये तो मागे घ्यावा लागला. १ जानेवारी १९०६ पासून साडेपाच तासांची भारतीय प्रमाणवेळ आली तेव्हा मुंबईचे घड्याळ ३९ मिनिटे पुढे ढकलले गेले. त्याच महिन्यात काही हजार गिरणी कामगारांनी नव्या वेळेने कामावर जायला नकार देऊन गिरण्यांवर दगडफेक केली. भौतिकशास्त्राच्या दृष्टीने काहीच बदललेले नव्हते, परंतु भोंगा घड्याळाने वाजत होता आणि कामगार उजेडाने उठत होता. भोंगा पुढे सरकला की त्याला अंधारात उठावे लागणार होते. विजेच्या दिव्यांनी पाळ्या आधीच लांबवलेल्या असताना ही ३९ मिनिटे कोणाच्या खात्यातून कोणाच्या खात्यात जातात हे त्याला कोणी समजावून सांगण्याची गरज नव्हती. मुंबई महापालिकेनेही जुनी वेळ धरून ठेवली, ती स्वातंत्र्यानंतरही काही वर्षे टिकली. आज भाईंदरच्या माथ्यावर सूर्य सरासरीने बारा वाजून अडतीस-एकोणचाळीस मिनिटांनी येतो, आणि त्याबद्दल कोणाची तक्रार उरलेली नाही.

तक्रार उरली नाही याचे एक कारण असे की घड्याळ कोणते यापेक्षा घड्याळाच्या आत काय मोजले जाते, या प्रश्नावर लढण्यात अधिक लाभ असतो, हे गिरणी कामगारांना त्याआधीच एकदा उमगले होते. नारायण मेघाजी लोखंडे यांच्या नेतृत्वाखाली त्यांनी मिळवलेली रविवारची सुटी १० जून १८९० पासून लागू झाली. आठवड्यातला एक दिवस गिरणीच्या काळातून कापून काढणे ही कोणत्याही काल्पनिक यंत्राच्या तोडीची स्थानिक करामत होती.

मिरा-भाईंदरमध्ये मात्र मोजले न गेलेले पुष्कळ काही शिल्लक आहे. ठाणे जिल्ह्याच्या या कोपऱ्यात घर घेणाऱ्याने मुंबईच्या मानाने कमी पैसे दिलेले असतात आणि उरलेली किंमत तो वेळेच्या हप्त्यांनी फेडत असतो. रोज दोन तास, वर्षातले तीनशे दिवस आणि तीस वर्षे एवढा प्रवास धरला तर अठरा हजार तास, म्हणजे रात्री धरून साडेसातशे दिवस भरतात. गतिमान घड्याळ मंद चालते हा सापेक्षतावादाचा नियम लोकललाही लागू आहे. गाडी या सगळ्या वेळात ताशी ऐंशी किलोमीटरने अखंड धावली असे उदारपणे मानले, तरी प्रवाशाचे तारुण्य त्यातून एक पंचमांश मायक्रोसेकंदाहूनही कमी वाचते. विरार लोकलमध्ये चढू न दिल्याबद्दल होणारी भांडणे, खिडकीची जागा, भाईंदरहून सुटणाऱ्या गाडीसाठी आधीची गाडी सोडून फलाटावर घालवलेली दहा मिनिटे, हे सगळे त्या साडेसातशे दिवसांच्या वाटपाचे व्यवहार आहेत, आणि ते प्रवाशांनी आपापसांत सोडवायचे असे गृहीत धरलेले आहे. वेतनाचे घड्याळ हजेरीपटावर सही झाल्यावर सुरू होते. वातानुकूलित लोकल, मेट्रो आणि उड्डाणपूल यांची चर्चा नेहमी 'किती मिनिटे वाचतील' या भाषेत होते. वाचलेली मिनिटे प्रवाशाकडे राहतील की तेवढ्याच मिनिटांनी लांब असलेले स्वस्त घर विकणाऱ्याकडे जातील, हा प्रश्न त्या चर्चेत क्वचितच येतो.

कोणता काळ कोणत्या घड्याळाने मोजायचा हे कायद्याला ठरवता येत नाही, असेही म्हणता येणार नाही. ३ ऑक्टोबर १९७८ रोजी कोलकात्यात डॉ. सुभाष मुखोपाध्याय यांच्या प्रयत्नांतून जन्मलेली मुलगी गोठवून ठेवलेल्या भ्रूणापासून वाढलेली होती, म्हणजे तिच्या आयुष्यातील काही दिवस तिच्यापुरते थांबवलेले होते. अशा गोठवलेल्या भ्रूणांबाबत २०२१ च्या सहाय्यक जननतंत्रज्ञानविषयक केंद्रीय कायद्याने साठवणुकीची मुदत दहा वर्षांची ठरवली आणि उपचार घेणाऱ्या स्त्रीचे वय २१ ते ५०, पुरुषाचे २१ ते ५५ या मर्यादेत बांधले. भ्रूणाच्या आत काळ जवळजवळ थांबलेला असतानाही हिशेब बाहेरच्या घड्याळाने करायचा, असा स्पष्ट निर्णय संसदेने घेतला. तो योग्य की अयोग्य यावर मतभेद होऊ शकतील, पण निर्णय घेतला गेला आहे.

प्रवासाच्या काळाबाबत निर्णय झाला तो अर्धाच. कर्मचारी राज्य विमा कायद्यात २०१० मध्ये घातलेल्या ५१-ई या कलमानुसार घर आणि कामाचे ठिकाण यांदरम्यान जाता-येता झालेला अपघात, त्याचा नोकरीशी संबंध सिद्ध झाल्यास, नोकरीच्या ओघात झालेला मानला जाऊ लागला. म्हणजे विमा असलेला भाईंदरचा कामगार कामावर जाताना रुळांवर पडला, तर ती घटका नोकरीची ठरू शकते. तोच कामगार सुखरूप पोहोचला तर तीच घटका त्याची खासगी ठरते आणि तिचे वेतन कोणी देत नाही.